एका चित्राला चार भोकं

पस्तीस मिलिमीटर फिल्मचा एक फूट तुकडा उजेडासमोर धरा. त्यात सोळा चित्रं दिसतील. प्रत्येक चित्राच्या डाव्या काठाला चार भोकं, उजव्या काठाला चार. याच भोकांत मशीनचे दाते अडकतात आणि फिल्म खाली ओढली जाते. एक भोक फाटलं तर चालतं, दोन फाटली तर पडद्यावरचं चित्र थरथरायला लागतं, चार फाटली की फिल्म उडी मारते आणि खाली पब्लिक शिट्ट्या वाजवतं.

मी नाशिकच्या एका थिएटरात पस्तीस वर्षं ऑपरेटर होतो. १९७४ साली रिळं उलटी गुंडाळायच्या कामावर लागलो. २००९ साली मशीन बंद झालं तेव्हा केबिनला शेवटचं कुलूप मीच लावलं. आम्हाला शिकवणाऱ्या थोरल्या ऑपरेटरना सगळे मास्तर म्हणायचे. पहिले सहा महिने त्यांनी मला मशीनला हात लावू दिला नाही. फाटलेली भोकं शोध आणि सांधे मार, एवढंच काम. ब्लेडने फिल्मवरचा थर अलगद खरवडायचा, ब्रशाने फिल्म सिमेंटचा, म्हणजे चिकटवायच्या द्रवाचा, एक हात फिरवायचा, पिकल्या केळ्यासारखा त्याचा उग्र वास नाकात जायचा, मग दोन टोकं भोकावर भोक बसवून दाबायची आणि मनात दहापर्यंत मोजायचं. भोकं जुळली नाहीत तर तो सांधा मशीनच्या गेटमध्ये तुटणार हे ठरलेलं. अंधारातही बोटांना भोकं मोजता आली पाहिजेत, असं मास्तर म्हणायचे. पुढे मला ती मोजता यायला लागली.

हे सांगतोय ते एका बाईसाठी. सरस्वतीबाई फाळके, दादासाहेब फाळक्यांच्या पत्नी. १९१२ साली दादर मेन रोडवरच्या बंगल्यात 'राजा हरिश्चंद्र' तयार होत होता तेव्हा परदेशातून येणारी कच्ची फिल्म भोकांशिवाय यायची. भोकं पाडायचं यंत्र दादासाहेबांनी इंग्लंडहून आणलं होतं. ते चालवायचं काम सरस्वतीबाईंकडे आलं. दिवसभर साठ-सत्तर माणसांचा स्वयंपाक, शूटिंगच्या वेळी उन्हाचा उजेड परतवायला पांढरी चादर धरून उभं राहणं, आणि रात्री अंधाऱ्या खोलीत भोकं पाडणं. दादासाहेबांनी त्यांना तारामतीचं काम कराल का असंही विचारलं होतं. त्यांनी नाही म्हटलं. बाकीचं सगळं त्यांच्याच अंगावर होतं, नाही म्हणणारच.

'राजा हरिश्चंद्र'ची लांबी ३,७०० फूट. मी ऑपरेटरच्या सवयीने हिशेब मांडला. एका फुटाला सोळा, म्हणजे ५९,२०० चित्रं. एका चित्राला दोन्ही बाजूंची मिळून आठ भोकं, म्हणजे ४,७३,६०० भोकं. हे फक्त एका प्रतीचं. आधी मूळ निगेटिव्हला भोकं हवीत, मग प्रत्येक नवीन प्रतीला पुन्हा तितकीच. फिल्मला प्रकाश लागला की ती वाया, म्हणून हे सगळं काळोखात, फार तर तांबड्या दिव्यात. भोकांमधलं अंतर केसभर चुकलं तर ते पडद्यावर दिसतं. माझ्या उभ्या नोकरीत मी जेवढे सांधे मारले असतील त्यापेक्षा जास्त भोकं त्या बाईने एका वर्षात पाडली. भारतीय चित्रपटाचा इतिहास लिहिताना कॅमेऱ्यामागे कोण होतं हे पहिल्या पानावर येतं. भोकं कुणी पाडली हेही तिथेच यायला हवं.

दादासाहेब मूळचे आमच्याकडचेच. धुंडिराज गोविंद फाळके, जन्म ३० एप्रिल १८७०, त्र्यंबकेश्वर. वडील दाजीशास्त्री संस्कृतचे पंडित, विल्सन कॉलेजात शिकवायला मुंबईला गेले आणि मुलगा जे. जे. कलाशाळेत पोहोचला. पुढे बडोद्याचं कलाभवन, गोध्र्यात फोटो स्टुडिओ, प्लेगमध्ये पहिली बायको आणि मूल गेलं, मग पुरातत्त्व खात्यात नोकरी, मग छापखाना, रंगीत छपाई शिकायला जर्मनीची वारी. लोक म्हणतात की ख्रिस्ताच्या जीवनावरचा चित्रपट पाहिला आणि त्यांना एकदम साक्षात्कार झाला. मला तसं वाटत नाही. चित्र काढणं, फोटो काढणं, तो धुणं, छापणं आणि जादूचे प्रयोग, एवढे सगळे धंदे ज्याच्या हातून गेले होते त्याला पडद्यावर चित्र हलताना दिसलं आणि हे आपल्याला येण्यासारखं आहे हे त्याने ओळखलं. कारागीर दुसऱ्याचं काम असंच बघतो. विम्याची पॉलिसी गहाण ठेवून लंडन गाठलं आणि विल्यमसन कंपनीचा कॅमेरा घेऊन परत आले. विम्याची पॉलिसी गहाण ठेवून लंडन गाठलं आणि विल्यमसन कंपनीचा कॅमेरा घेऊन परत आले. ३ मे १९१३ ला गिरगावच्या कोरोनेशनमध्ये 'राजा हरिश्चंद्र' लागला. तारामती झाले होते अण्णा साळुंके, ग्रँट रोडवरच्या खाणावळीत काम करणारे. रोहिदास दादासाहेबांचा मुलगा भालचंद्र.

हे सगळं शाळेच्या पुस्तकात आहे. त्याच वर्षी दादासाहेबांनी कंपनी मुंबईहून नाशिकला हलवली, ते मात्र पुस्तकात एका ओळीत उरकतं. धंदा खरा उभा राहिला तो इथे.

नाशिक का, हे मला ऑपरेटर म्हणून कळतं. तेव्हा शूटिंगला विजेचे दिवे नव्हते, सगळा भरवसा उन्हावर. पावसाळ्याचे महिने सोडले तर नाशिकचं ऊन स्वच्छ, हवा कोरडी. कोरड्या हवेत फिल्म नीट वाळते, मुंबईच्या दमट हवेत चिकटते. फिल्म धुवायला पाणी भरपूर लागतं, ते गार आणि स्वच्छ हवं. आणि देखावे तर गंगेवर तयारच होते. आम्ही नाशिककर गोदावरीला गंगाच म्हणतो. दगडी घाट, देवळं, जुने वाडे, पलीकडे डोंगर आणि लेणी. पुराणातल्या गोष्टी सांगणाऱ्या माणसाला पंचवटीपेक्षा मोठा सेट कुणी बांधून दिला असता? वर मुंबईला जायला रेल्वे. गाव आणि नाशिकरोड स्टेशन यांच्यामध्ये तेव्हा घोड्यांची ट्राम होती, १८८९ मध्ये सुरू झालेली. नाशिकच्या फिल्मचे डबे मुंबईत पोहोचायला एक दिवस पुरत होता.

नाशिकला आल्यावर काढलेल्या 'मोहिनी भस्मासुर'मध्ये पहिल्यांदा बायका पडद्यावर आल्या. दुर्गाबाई कामत पार्वती झाल्या आणि त्यांची मुलगी कमला मोहिनी. आई आणि लेक, एकाच चित्रपटात. ही कमला म्हणजे पुढच्या कमलाबाई गोखले, चंद्रकांत गोखले यांची आई, विक्रम गोखले यांची आजी. त्या काळी बाईने नाटकात उभं राहणंसुद्धा लोक वाईट समजायचे. दुर्गाबाईंनी नवऱ्यापासून वेगळं होऊन एकटीने मुलीला वाढवलं होतं आणि पोटासाठी रंगभूमीवर उभ्या राहिल्या होत्या. एका वर्षापूर्वी जी भूमिका करायला एकही बाई मिळाली नव्हती म्हणून साळुंक्यांना मिशा काढाव्या लागल्या, तशा भूमिकेसाठी या दोघी पुढे आल्या. नाशिकच्या एखाद्या चौकाला दुर्गाबाईंचं नाव द्यायला हवं, असं मला फार वर्षांपासून वाटतं.

मग पहिलं महायुद्ध आलं. कच्ची फिल्म परदेशातून यायची, ती मिळेना. भांडवल देणारे मागे सरले. तरी कंपनी फुटली नाही. १९१७ मध्ये 'लंकादहन' आला. त्यात राम आणि सीता दोन्ही अण्णा साळुंकेच, आणि गणपत शिंदे हनुमान. लोक मुंबईत या चित्रपटावर तुटून पडले. जमलेली नाणी बैलगाडीतून न्यावी लागली, असं अजून सांगितलं जातं. पडद्यावर राम दिसला की माणसं पायातली पायताणं काढून हात जोडायची, हेही त्यातलंच. याच सुमारास दादासाहेबांनी 'चित्रपट कसे तयार करतात' नावाची छोटी फिल्म काढली. तिचे तुकडे आज आहेत. त्यात ते स्वतः नटांना काम समजावून देताना आणि फिल्म उजेडाला धरून तपासताना दिसतात. ती पकड मी ओळखतो. फिल्म नेहमी काठांनी धरायची, मधोमध बोट लावायचं नाही.

१ जानेवारी १९१८ ला मुंबईचे भागीदार घेऊन 'हिंदुस्थान सिनेमा फिल्म्स कंपनी' उभी राहिली, ठिकाण नाशिक. वामन श्रीधर आपटे, मायाशंकर भट्ट अशी भागीदार मंडळी. शंभरेक माणसं एकाच आवारात राहायची, काम करायची, एकत्र जेवायची. मला ते एखाद्या नाटक कंपनीच्या बिऱ्हाडासारखं वाटतं, फक्त त्यात सुतार, रंगारी, कॅमेरावाले, फिल्म धुणारे अशी नवीन जात मिसळलेली. चित्रपटाचे कामगार ही जमातच तोवर आपल्याकडे नव्हती. ती इथे घडली. 'श्रीकृष्ण जन्म' त्याच वर्षी आला आणि १९१९ मध्ये 'कालिया मर्दन'. त्यात कृष्ण झाली होती दादासाहेबांची लहानगी मुलगी मंदाकिनी. चित्रपटाच्या सुरुवातीला ती आधी साध्या वेशात दिसते. चेहऱ्यावर राग, हसू, रडू एकामागून एक दाखवते आणि मग त्याच चेहऱ्यात कृष्ण उमटतो. एवढ्याशा पोरीकडून एवढं काम करून घेणारा बापच असणार.

नंतर भागीदारांशी पटेना. दादासाहेब सगळं सोडून काशीला गेले, तिथे 'रंगभूमी' हे नाटक लिहिलं, १९२२ मध्ये नाशिकला परत येऊन त्याच कंपनीत काम करू लागले. पुढची वर्षं मी भरभर सांगतो, कारण ती वाचताना मला त्रास होतो. चित्रपट येत राहिले, पण पूर्वीसारखे नाहीत.

१४ मार्च १९३१ ला मुंबईत 'आलम आरा' लागला आणि पडदा बोलायला लागला.

इथे एक तांत्रिक गोष्ट सांगतो, कारण टीव्हीवर फाळक्यांचे तुकडे बघून लोक हसतात. मूकपट सेकंदाला सोळाच्या आसपास चित्रांनी घेतले जात. बोलपटात आवाजाची पट्टी फिल्मच्या काठावर आली आणि आवाज नीट यायला वेग सेकंदाला चोवीस करावा लागला. म्हणून सोळाने घेतलेली फिल्म चोवीसच्या मशीनवर लावली की माणसं तुरुतुरु पळताना दिसतात. 'राजा हरिश्चंद्र' त्या काळच्या वेगाने तासाभराचा होता, चोवीसच्या मशीनवर तो चाळीस मिनिटांत संपला असता. फाळक्यांची माणसं पळत नव्हती, आपलं मशीन पळतंय. हे लक्षात ठेवून एकदा तो तुकडा पाहा, म्हणजे हरिश्चंद्र झालेले नट डबके किती सावकाश वाकतात ते दिसेल.

मूकपट तसा मुका कधीच नव्हता. पडद्याजवळ पेटी आणि तबला असायचा, कुणीतरी गोष्ट मोठ्याने समजावून सांगायचा. म्हणजे गाणं आधीपासून थिएटरात बसलेलंच होतं, ते फक्त १९३१ नंतर फिल्मवर चढलं. त्यानंतर जो गाऊ शकेल त्याचा चित्रपट. १९३२ मध्ये प्रभात कंपनीने पुन्हा हरिश्चंद्राचीच गोष्ट घेतली, 'अयोध्येचा राजा'. यात राजा होते गोविंदराव टेंबे, स्वतः पेटीवादक आणि संगीतकार. तारामती दुर्गा खोटे. वीस वर्षांत तीच गोष्ट साळुंक्यांच्या हातून गाणाऱ्यांच्या हाती गेली. दादासाहेबांनी 'सेतुबंधन' मूकपट म्हणून काढला होता, त्यावर नंतर आवाज चढवावा लागला. त्यांचा एकमेव खरा बोलपट 'गंगावतरण', १९३७, कोल्हापूर सिनेटोनसाठी. तेव्हा ते ६७ वर्षांचे होते.

जुन्या गोष्टीकडून गाण्याकडे जाणारी ही वाट फक्त आपलीच नाही, हे मला उशिरा कळलं. माझा भाचा कंपनीच्या कामासाठी दोन वर्षं जकार्तात होता. तिथून त्याने फोनवर एक गाणं ऐकवलं. "मामा, ऐका बरं, ओळखा पाहू कुठलं." ढोलकीसारखा ठेका, बासरी, चाल अशी की शब्द सोडले तर पन्नास सालच्या हिंदी चित्रपटातलीच. त्या संगीताला तिकडे डांगडुट म्हणतात. तबल्यासारख्या त्यांच्या वाद्याचा जो आवाज निघतो, डांग आणि डुट, त्यावरून हे नाव पडलं. रोमा इरामा हा त्यांचा मोठा गायक, गाण्यांसोबत चित्रपटांतही हिरो. भाच्यामुळे मी थोडं वाचलं तर कळलं की त्या देशाचा पहिला कथाचित्रपट १९२६ साली बांडुंगमध्ये निघाला, तोही तिथल्या दंतकथेवर, आणि चित्रपट लोकांच्या मनात घर करून बसला तो १९३७ मध्ये गाण्यांचा चित्रपट आल्यावर. त्याआधी त्या बेटांवर फिरत्या संगीत नाटक मंडळ्या होत्या. त्यांचं मूळ मुंबईहून मलाया मुलखात गेलेल्या पारशी नाटक कंपन्यांपर्यंत पोहोचतं. म्हणजे मुंबईचं नाटक बोटीने गेलं आणि साठ-सत्तर वर्षांनी मुंबईचं गाणं रेडिओने आणि फिल्मच्या डब्यांतून गेलं. आपल्याकडे जे झालं तेच तिकडे, आधी जुनी गोष्ट, मग गाणं. मला त्या गाण्यात परकं काही वाटलं नाही.

नाशिकमध्येही बोलपटाचे प्रयत्न झाले. गोदावरी सिनेटोन नावाच्या कंपनीत १९३६ च्या सुमाराला नुकतेच बी.ए. झालेले विष्णू वामन शिरवाडकर, म्हणजे आपले कुसुमाग्रज, होते. 'सती सुलोचना'ची पटकथा त्यांनी लिहिली आणि त्यात लक्ष्मणाचं कामही केलं. चित्रपट पडला. कुसुमाग्रज मग कवितेत आणि नाटकात रमले. चित्रपट चालला असता तर मराठीला काय गमवावं लागलं असतं याचा विचार केला की मला तो पडला हे बरं वाटतं, आणि नाशिकचा चित्रपट पडला याचं वाईटही वाटतं.

आता दुसरी बाजू. ज्या वर्षांत पडद्यावरच्या रामापुढे लोक हात जोडत होते त्याच वर्षांत पंचवटीतल्या काळाराम मंदिराचं दार गावातल्या दलित कष्टकऱ्यांना बंद होतं. २ मार्च १९३० ला डॉ. आंबेडकरांच्या नेतृत्वाखाली तिथे सत्याग्रह सुरू झाला, दादासाहेब गायकवाडांनी तो वर्षानुवर्षं चालवला. दगडाच्या रामासाठी लाठ्या खाव्या लागल्या. पडद्यावरचा राम तिकिटाचे आणे घेऊन दर्शन देत होता. देवळात गाभारा असतो, थिएटरात पडदा सगळ्यांना सारखाच दिसतो, अगदी पुढच्या बाकावरून मान वर करून बघणाऱ्यालाही. चित्रपट इतका झपाट्याने घरोघरी पोहोचला त्यामागे हेही एक कारण आहे, असं माझं मत आहे.

या लढ्यातून नाशिक जिल्ह्यात एक वेगळं गाणं जन्माला आलं. तमाशाच्या चौकटीत गण-गवळणीऐवजी समतेची गोष्ट सांगणारा आंबेडकरी जलसा. भीमराव कर्डक हे त्यातलं मोठं नाव. आणि सिन्नर तालुक्यातल्या देशवंडीचे वामनदादा कर्डक, जन्म १५ ऑगस्ट १९२२. मुंबईत गिरणीत आणि मिळेल तिथे मजुरी केली, मोठेपणी अक्षर शिकले आणि १९४३ पासून गाणी रचायला लागले. त्यांची सुरुवातच हिंदी चित्रपटाच्या गाण्याच्या चालीवर झाली. पुढे शेकडो भीमगीतं रचली, त्यातली कितीतरी लोकांना पाठ असलेल्या चालींवर. यामागचं शहाणपण मला केबिनमध्ये बसून कळलं. आमच्या थिएटरात पहिल्या आठवड्यात गाणं सुरू झालं की बाहेर चहाच्या टपरीवर दुसऱ्या दिवशी ते ऐकू यायचं. चाल पाठ असेल तर नवा शब्द शिकायला वेळ लागत नाही. चित्रपटाने चाल गावात पोहोचवली, वामनदादांनी त्या चालीत स्वतःचा विचार भरून ती परत गावाला दिली. पुस्तक वाचता न येणाऱ्या माणसापर्यंत घटना, शिक्षण, हक्क हे शब्द त्या गाण्यांनी नेले. वामनदादांनी १५ मे २००४ ला शेवटचा श्वास घेतला.

नाशिकच्या गाण्याचा आणखी एक आवाज पंचवटीतल्या आश्रमातला. लाहोरला गांधर्व महाविद्यालय काढणारे विष्णू दिगंबर पलुस्कर आयुष्याच्या शेवटच्या वर्षांत नाशिकला आले आणि रामनाम आधार आश्रमात राहिले. ते १९३१ मध्ये गेले, मूकपटाच्या अखेरीची सुरुवातही त्याच वर्षी झाली. त्यांचा मुलगा दत्तात्रेय तेव्हा दहा वर्षांचा. पुढे १९५२ च्या 'बैजू बावरा'तल्या जुगलबंदीत तानसेनासाठी अमीर खाँ गायले आणि बैजूसाठी हाच मुलगा, डी. व्ही. पलुस्कर. तो चित्रपट आमच्या थिएटरात पुन्हा लागला तेव्हा त्या जुगलबंदीच्या वेळी मास्तर मला मशीनजवळ उभं करून खाली उतरायचे आणि मागच्या भिंतीला टेकून ऐकायचे. त्या एका रिळाची भोकं मी दर आठवड्याला तपासून ठेवायचो. ते तुटलेलं त्यांना चाललं नसतं.

दादासाहेब फाळके १६ फेब्रुवारी १९४४ ला नाशिकमध्ये वारले. दुसऱ्या महायुद्धामुळे फिल्मवर नियंत्रण होतं, नवीन चित्रपटासाठी त्यांनी सरकारकडे परवाना मागितला होता, त्याला नकार आला आणि दोन दिवसांत ते गेले, असं सांगितलं जातं. १९६९ पासून त्यांच्या नावाने केंद्र सरकारचा पुरस्कार आहे, पहिला देविका राणींना मिळाला. गोरेगावच्या चित्रनगरीला त्यांचं नाव आहे. पांडवलेण्यांच्या पायथ्याशी आमच्या महापालिकेचं स्मारक आहे, सुट्टीच्या दिवशी लोक तिथे मुलांना घेऊन जातात. नाव भरपूर आहे. कमी आहे ती फिल्म.

दादासाहेबांच्या नावावर ९५ च्या आसपास चित्रपट सांगितले जातात. 'राजा हरिश्चंद्र'चं पहिलं आणि शेवटचं रीळ उरलंय, तेही काही अभ्यासकांच्या मते १९१७ मध्ये पुन्हा काढलेल्या आवृत्तीचं. 'लंकादहन'चे तुकडे, 'कालिया मर्दन'चा बराचसा भाग. 'मोहिनी भस्मासुर' नाही. दुर्गाबाई आणि कमला पडद्यावर कशा दिसल्या ते आता कुणीच बघू शकत नाही. जे उरलं ते पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाचे पी. के. नायर यांच्यामुळे. त्यांनी फाळक्यांच्या घरच्यांकडून रिळं मिळवली, तुकडे जोडून क्रम लावला. बाकीचं का गेलं, तर तेव्हाची फिल्म नायट्रेटची. ती पेटली की पाण्यानेही विझत नाही. न पेटली तरी वर्षानुवर्षं उकाड्यात राहिली की चिकट होते, मग तिची तपकिरी भुकटी होते. आणि बरीच फिल्म लोकांनी आतल्या चांदीसाठी भंगारात विकली. देशात तेराशेच्या वर मूकपट निघाले, आज तीसेक उरलेत, बहुतेक अर्धवट.

म्हणून नाशिक, त्र्यंबक, सिन्नर, येवला इकडच्या मंडळींना माझी विनंती आहे. आता जुने वाडे पडतायत, त्यांच्या जागी इमारती उभ्या राहतायत. वाडा रिकामा करताना माळ्यावर, फडताळात गोल पत्र्याचा डबा सापडला तर तो भंगारवाल्याला देऊ नका. उघडला आणि आत फिल्म दिसली तर उन्हात ठेवू नका, देवघराजवळ किंवा गॅसजवळ नेऊ नका, काडी पेटवून बघू नका. चिकट झाली असेल तर उलगडू नका. डबा सावलीत, हवेशीर जागी ठेवा आणि पुण्याच्या संग्रहालयाला कळवा. त्यात कदाचित काहीच नसेल. पण काठावरची भोकं एकदा नीट बघा. ती सरस्वतीबाईंच्या हातची असू शकतात.